लाइव्ह स्ट्रीमिंगचं मॉडरेशन : सेकंद जातात कुठे?

तिसरी घंटा (धागाकर्ती)

अपलोड केलेला व्हिडिओ आणि लाइव्ह स्ट्रीम यांच्या मॉडरेशनची, म्हणजे घातक मजकूर शोधून थांबवण्याची, चर्चा नेहमी एकत्रच होते आणि तिथेच गाडी रुळावरून घसरते. अपलोड लोकांसमोर येण्याआधी तपासायला निदान थोडा वेळ मिळतो. लाइव्हमध्ये तपासणी आणि प्रसारण एकाच वेळी चालू असतं. नियम कितीही चांगले लिहिलेले असोत, घटना घडल्यापासून कोणीतरी बटण दाबेपर्यंत किती सेकंद गेले यावरच सगळं ठरतं. त्या सेकंदांबद्दल बोलण्यासाठी हा धागा.

आधी थोडा मागचा प्रवास. मार्च २००७ मध्ये जस्टिन डॉट टीव्ही ही लाइव्ह व्हिडिओची साइट सुरू झाली, ते एका माणसाच्या टोपीवर लावलेल्या कॅमेऱ्याने. चोवीस तास एकच चॅनेल. काही महिन्यांतच ते सगळ्यांसाठी खुलं झालं. गेमिंगचा भाग जून २०११ मध्ये ट्विच म्हणून वेगळा झाला आणि इतका वाढला की ऑगस्ट २०१४ मध्ये मूळ साइट बंद झाली. त्याच महिन्यात अॅमेझॉनने ट्विच सुमारे ९७ कोटी डॉलरना विकत घेतलं. या काळात मॉडरेशन म्हणजे मुख्यतः चॅटचं मॉडरेशन होतं. पडद्यावर गेम चालू असायचा, कोपऱ्यात खेळणाऱ्याचा चेहरा. चित्रातून धोका यायची शक्यता कमी.

२०१५ मध्ये मीरकॅट आणि पेरिस्कोप ही फोनवरून लाइव्ह करायची अॅप्स आली, एप्रिल २०१६ मध्ये फेसबुक लाइव्ह सर्वांना मिळालं, डिसेंबर २०१६ मध्ये ट्विचनेही गेमशिवायच्या रोजच्या आयुष्याच्या स्ट्रीमसाठी वेगळा विभाग काढला. माझ्या मते खरा बदल हा आहे. त्याआधी स्ट्रीम करायला एन्कोडर (व्हिडिओ पाठवण्याजोगा करणारं सॉफ्टवेअर), स्ट्रीम की (चॅनेलचा गुप्त संकेत), बिटरेटची (सेकंदाला किती डेटा पाठवायचा याची) सेटिंग्ज एवढा खटाटोप लागायचा आणि तो खटाटोपच एक चाळणी होता. आता खिशातल्या फोनवर एक बटण. जे चित्र येणार ते कोणाच्याच हातात नाही.

दुसरा बदल विलंबातला. अॅपलने २००९ मध्ये एचएलएस ही इंटरनेटवरून व्हिडिओ पाठवायची पद्धत आणली तेव्हा व्हिडिओचे १० सेकंदांचे तुकडे पाडायचे आणि प्लेअर तीन तुकडे जमवून मगच सुरू करायचा. म्हणजे प्रेक्षक सुमारे अर्धा मिनिट मागे. आज कमी विलंबाच्या पद्धतीत हेच अंतर दोन ते पाच सेकंदांवर आलंय आणि वेबआरटीसीत (व्हिडिओ कॉलसाठीचं तंत्र) एका सेकंदाच्याही आत. चॅटमध्ये गप्पा रंगाव्यात म्हणून ही सगळी मेहनत झाली आणि ती योग्यच होती. पण वाचवलेला प्रत्येक सेकंद मॉडरेटरच्या हातून गेलेला आहे. तो परत कसा मिळवायचा?

---

घड्याळजी

परत मिळवायचा एक मार्ग म्हणजे मुद्दाम घातलेला विलंब. टीव्हीवाले थेट कार्यक्रमांना काही सेकंदांचा उशीर कित्येक वर्षं लावत आलेत, सात सेकंदांचा तर प्रसिद्धच आहे. पण तिथे फक्त बटणावर बोट ठेवून बसलेला एक माणूस असतो. स्ट्रीमर विलंब लावतात आणि तो माणूस विसरतात. मग विलंबाचा काडीचा उपयोग होत नाही.

ओबीएसचं, म्हणजे स्ट्रीम करायच्या सॉफ्टवेअरचं, उदाहरण घेऊ. सेटिंग्ज, अॅडव्हान्स्ड, तिथे स्ट्रीम डिले. २० सेकंद टाका. ६००० केबीपीएस बिटरेटला २० सेकंद म्हणजे १५ एमबी मेमरी, कोणत्याही मशीनला जड नाही. स्ट्रीम चालू आहे आणि पडद्यावर चुकून घरचा पत्ता असलेली विंडो उघडली. बहुतेक जण घाईघाईने 'थोड्याच वेळात परत येतो'चा सीन लावतात आणि निर्धास्त होतात. सीन बदलल्याने बफरमध्ये (विलंबासाठी साठवून ठेवलेल्या व्हिडिओत) आधीच शिरलेले २० सेकंद पुसले जात नाहीत. पत्ता बफरमध्ये बसलेला आहे आणि ठरल्या वेळी इमानदारीत बाहेर जाणार. त्यानंतर तुमचा सीन दिसेल.

साधं 'स्टॉप स्ट्रीमिंग' दाबलं तरी तेच. ओबीएस उरलेला बफर आधी पाठवतो आणि मग थांबतो. हवा असतो तो दुसरा पर्याय, 'स्टॉप स्ट्रीमिंग (डिस्कार्ड डिले)'. तो बफर टाकून देतो आणि जोडणी तिथल्या तिथे तोडतो. त्याला हॉटकी लावता येते, ती लावाच. आणि चुकून दाबली जाणार नाही अशी लावा, उदाहरणार्थ तीन कळांची जोडी.

आता २० सेकंदच का? चूक लक्षात यायला दोन-तीन सेकंद, 'खरंच दिसलं का' हे ठरवायला तीन-चार, हात जायला एक. झाले सात-आठ. ही वेळ बटणासाठीच बसलेल्या माणसाची. जो बोलतोय, खेळतोय, चॅट वाचतोय त्याला याच्या दुप्पट धरा. कॅमेऱ्यासमोरच्या माणसाच्या हातात हे बटण एकमेव राहू नये. ओबीएस दुरून चालवता येतं, तेव्हा दुसरा माणूस दुसऱ्या गावात असला तरी चालतं. फक्त त्याने *विलंबाआधीचं* चित्र बघायला हवं. प्रेक्षकांच्या पानावरून बघत असेल तर त्याला दिसेपर्यंत सगळ्यांनाच दिसलेलं असतं.

विलंबाची किंमतही आहे. २० सेकंद तुमचे, वरचे तीन-चार प्लॅटफॉर्मचे. प्रश्न विचारल्यावर उत्तर यायला अर्धा मिनिट लागतो आणि गप्पांचा जीव जातो. त्यामुळे घरातल्या स्थिर सेटअपला तो नको. रस्त्यावर, गर्दीत, अनोळखी लोकांशी बोलताना हवा.

---

पाणचक्की

घड्याळजींच्या मुद्द्याला जोड. ट्विचवर चॅटसाठी वेगळा छोटा विलंब मिळतो, २, ४ किंवा ६ सेकंदांचा. मेसेज मॉडना (चॅट सांभाळणाऱ्या मॉडरेटरना) लगेच दिसतो, बाकीच्यांना तेवढा उशिरा. व्हिडिओला हात न लावता मिळणारे हे सर्वांत स्वस्त सेकंद. ४ वर ठेवलं तर कोणाच्या लक्षातही येत नाही आणि तरबेज मॉड निम्मी घाण कोणाला दिसायच्या आत उचलतो.

---

काठावरची

व्हिडिओच्या बाजूचे तीन प्रसंग आकड्यांसकट शेजारी शेजारी ठेवते. बहुतेक आकडे त्या त्या कंपन्यांनी जाहीर केलेले आहेत.

क्राइस्टचर्च, न्यूझीलंड, १५ मार्च २०१९. मशिदींवरचा गोळीबार, हल्लेखोरानेच लाइव्ह दाखवलेला. फेसबुकवर १७ मिनिटांचं लाइव्ह. ते चालू असताना २०० पेक्षा कमी जणांनी पाहिलं आणि एकानेही तक्रार केली नाही. पहिली तक्रार स्ट्रीम सुरू झाल्यापासून २९ मिनिटांनी आली, म्हणजे लाइव्ह संपून १२ मिनिटं झाल्यावर. काढेपर्यंत सुमारे ४००० व्ह्यूज. पुढच्या २४ तासांत १५ लाख प्रती काढल्या, त्यातल्या १२ लाखांहून जास्त अपलोड होतानाच अडवल्या.

हाले, जर्मनी, ९ ऑक्टोबर २०१९. ज्यूंच्या प्रार्थनास्थळावरचा हल्ला. ट्विचवर ३५ मिनिटं. लाइव्ह पाहणारे जेमतेम पाच. आपोआप साठवलेलं रेकॉर्डिंग त्यानंतर अर्धा तास तसंच राहिलं आणि तेवढ्यात सुमारे २२०० जणांनी पाहिलं. खातं दोन महिन्यांपूर्वी उघडलेलं, त्यावरून त्याआधी फक्त एकदा स्ट्रीम केलेलं.

बफेलो, अमेरिका, १४ मे २०२२. सुपरमार्केटमधला गोळीबार. पुन्हा ट्विच. हिंसा सुरू झाल्यापासून दोन मिनिटांच्या आत स्ट्रीम बंद. पाहणारे २२. तरीही कोणीतरी केलेली प्रत दुसऱ्या एका साइटवर गेली आणि तिथे ३० लाखांहून जास्त वेळा पाहिली गेली.

यातून तीन गोष्टी निघतात. एक, सर्वांत धोकादायक स्ट्रीमला प्रेक्षक अगदी थोडे असतात. प्रेक्षकसंख्येनुसार तपासणीची रांग लावली तर या तिन्ही स्ट्रीम रांगेच्या तळाशी असत्या. दोन, लाइव्ह थांबवणं आणि रेकॉर्डिंग थांबवणं ही दोन वेगळी कामं आहेत. हालेमध्ये खरं नुकसान दुसऱ्या अर्ध्या तासात झालं. नवीन खात्याचं रेकॉर्डिंग लगेच सार्वजनिक करायचं काहीच कारण नाही, काही तास खाजगी ठेवून मग खुलं करता येतं. तीन, दोन मिनिटांत बंद करणं हे उत्तम काम आहे आणि तरीही ते अपुरं पडू शकतं, कारण पुढचं सगळं प्रत ओळखण्यावर अवलंबून असतं.

प्रत ओळखणं म्हणजे चित्राचा ठसा घेणं. फेसबुकने २०१९ मध्ये खुलं केलेलं पीडीक्यू प्रत्येक चित्राचा २५६ बिटांचा ठसा काढतं. दोन ठशांत साधारण ३१ पर्यंत बिटं वेगळी निघाली तरी चित्र तेच मानायचं, हा प्रचलित उंबरठा. चित्र लहान केलं, दर्जा घसरवला, रंग थोडे बदलले तरी ठसा टिकतो. भरपूर कापलं, चौकटीत बसवून आजूबाजूला दुसरं चित्र लावलं किंवा टीव्हीच्या पडद्याचा फोनने व्हिडिओ घेतला की ठसा फसतो. क्राइस्टचर्चच्या वेळी ८०० हून अधिक वेगवेगळ्या दृश्य आवृत्त्या सापडल्या, म्हणून फेसबुकला आवाजाच्या जुळणीचाही आधार घ्यावा लागला. चित्र फिरवणाऱ्यांना आवाज बदलायचं बऱ्याचदा सुचत नाही.

---

तिसरी घंटा

काठावरची, रेकॉर्डिंग उशिरा खुलं करायचा मुद्दा फार मोलाचा आहे. त्याला खर्चही नाही.

पण मूळ शंका राहतेच. पाच प्रेक्षकांची स्ट्रीम यंत्राने का नाही पकडायची? 'एआय आहे ना' असं ज्याला त्याला वाटतं.

---

चाळणी

आकडेमोड करून बघा. आकडे मी समजण्यासाठी गोल घेतोय.

एका वेळी १ लाख स्ट्रीम चालू आहेत. प्रत्येकीची दर ५ सेकंदांनी एक फ्रेम, म्हणजे व्हिडिओतलं एक स्थिर चित्र, तपासायची. झाल्या सेकंदाला २०,००० फ्रेम. मॉडेल इतकं चांगलं धरा की निरपराध फ्रेमला चुकून दोषी ठरवण्याचं प्रमाण फक्त ०.१ टक्का. तरी सेकंदाला २० खोटे इशारे. प्रत्येक इशारा माणसाने तपासायला ३० सेकंद लागले तर एका वेळी ६०० माणसं फक्त खोटे इशारे निस्तरत बसलेली. तीन पाळ्यांत १८००, सुट्ट्या वेगळ्या. या ढिगाऱ्यात खरा इशारा दिवसाला एखादा.

म्हणून कोणीही एका फ्रेमवर निर्णय घेत नाही. चालणारी रचना साधारण अशी असते: एरवी दर ५ सेकंदांनी एक फ्रेम. एक फ्रेम संशयास्पद निघाली की त्या एकाच स्ट्रीमला पुढचे १० सेकंद दर सेकंदाला तपासायचं. दहापैकी सहा फ्रेम संशयास्पद निघाल्या तरच इशारा. क्षणिक चुका यात गळून जातात. किंमत दहा सेकंदांची.

इथे एक खाचखळगा आहे जो कागदावर दिसत नाही. या चुका एकमेकींपासून स्वतंत्र नसतात. लाल दिव्यांचा मंच, कुस्तीचा सामना, शस्त्रक्रियेचं शैक्षणिक प्रसारण, बाळाला पाजणारी आई, यांवर मॉडेल चुकलं की दहाच्या दहा फ्रेमवर चुकतं. बहुमताचा नियम तिथे कुचकामी. बंदूक हातात धरल्यासारखं दृश्य असलेले गेम हा तर सगळ्यांत मोठा गोंधळ. क्राइस्टचर्चनंतर फेसबुकने जी कारणं दिली त्यात हेही होतं: अशा खऱ्या घटनांचा प्रशिक्षणासाठी पुरेसा नमुना नाही आणि गेमची दृश्यं मात्र अमाप. नमुना कमी आहे ही खरं तर माणुसकीच्या दृष्टीने चांगली गोष्ट, पण मॉडेलसाठी अडचणच.

मग चित्राला दुसऱ्या खुणांची जोड द्यायची:

– खातं किती जुनं, याआधी किती तास स्ट्रीम केलंय, फोनवरून की एन्कोडरवरून. नवं खातं, फोन आणि 'गेम' असं लेबल, पण चित्रात गेमचा आरोग्यपट्टा (खेळाडूची उरलेली ताकद दाखवणारा) किंवा नकाशा कुठेच नाही, हा मेळ संशयास्पद.
– आवाज. १०-१५ सेकंदांच्या खिडकीत मजकूर काढायचा आणि किंकाळी, स्फोट असे आवाज वेगळे ओळखायचे.
– चॅट. प्रेक्षक यंत्रापेक्षा आधी ओळखतात. शांत चॅटमध्ये अचानक 'हे खरं आहे का', 'पोलिसांना कळवा' येऊ लागलं की ती खूण कोणत्याही मॉडेलपेक्षा भरवशाची.
– तक्रारी, पण प्रेक्षकसंख्येच्या प्रमाणात. २० प्रेक्षकांतून ३ तक्रारी या २०,००० प्रेक्षकांतून आलेल्या ३० तक्रारींपेक्षा फार गंभीर. ठरवून केलेल्या झुंडीच्या तक्रारी टाळायला तक्रारदाराच्या जुन्या तक्रारी किती खऱ्या निघाल्या त्यावरून वजन द्यायचं.

आणि इशारा माणसाकडे गेला की त्याला फक्त 'आत्ताचं' चित्र दाखवू नका. मागची ६० सेकंदं चौपट वेगाने आणि शेजारी चॅट. चालू क्षणात काहीच दिसत नाही म्हणून 'ठीक आहे' दाबलं जातं, ही नेहमीची चूक.

---

पाणचक्की

चॅटकडे येतो. ऑगस्ट २०२१ मध्ये ट्विचवर द्वेषाच्या धाडींची लाट आली. शेकडो बॉट (प्रोग्रामने आपोआप चालवलेली) खाती एका चॅनेलमध्ये घुसवून शिव्यांचा पाऊस, लक्ष्य बहुतेक कृष्णवर्णीय आणि एलजीबीटी स्ट्रीमर. १ सप्टेंबर २०२१ ला अनेक स्ट्रीमरनी निषेध म्हणून एक दिवस स्ट्रीम बंद ठेवली. त्यानंतर महिन्याभरात फोन पडताळणी, नोव्हेंबरमध्ये बंदी चुकवणारी खाती ओळखणारं साधन, नोव्हेंबर २०२२ मध्ये शील्ड मोड (आधी ठरवलेली चॅटची बंधनं एका बटणात लावणारा). साधनं चांगली आहेत पण सगळी *आधी* लावून ठेवावी लागतात. धाड पडल्यावर सेटिंग्ज शोधत बसलात तर गेलात.

धाड पडल्यावर कामांचा क्रम:

१. शील्ड मोड. त्यात फॉलोअर्स-ओन्लीची (निदान किती काळ फॉलो करणाऱ्यालाच चॅटमध्ये लिहिता येईल याची) मुदत १० मिनिटं ठेवू नका, निदान एक आठवडा ठेवा. धाड घालणारे कालच बॉटकडून फॉलो करून ठेवतात.

२. लगेच अलर्ट बंद. हे सगळे विसरतात. चॅट कुलूपबंद केलं तरी नव्या फॉलोअरचं नाव पडद्यावर झळकतं आणि आवाज लावलेला असेल तर मोठ्याने वाचलं जातं. म्हणून शिव्या मेसेजमध्ये न लिहिता *खात्याच्या नावात* लिहितात. अलर्ट फक्त थांबवून भागत नाही, साचलेली रांगही रिकामी करायची. नाहीतर अलर्ट परत सुरू केले की उरलेली दोनशे नावं एकामागून एक येतात. देणगीसोबतचे संदेश वाचणारा आवाजही बंद.

३. पुरावा. चॅट पुसण्याआधी नावं आणि वेळ जतन करा. आधी पुसलं की प्लॅटफॉर्मला काय दाखवणार?

४. मग सामूहिक बंदी. टाइप करून होत नाही. साध्या खात्याला ३० सेकंदांत २० मेसेज आणि मॉडला १०० एवढीच मुभा असते. शिवाय फेब्रुवारी २०२३ पासून बॉटना बंदीची आज्ञा चॅटमधून देताच येत नाही, एपीआयच (प्रोग्रामना थेट आज्ञा द्यायची ट्विचची वेगळी वाट) वापरावी लागते. जुन्या बॉटवर विसंबलेले चॅनेल इथेच अडकतात. बंदीची यादी नावातल्या साम्यावरून आणि खातं उघडल्याच्या तारखेवरून काढा. एकाच दिवशी उघडलेली, शेवटी फक्त आकडे बदललेली खाती हा धाडीचा ठसा.

५. बॉट थांबले तरी शील्ड मोड अर्धा तास ठेवा. दुसरी लाट बहुतेकदा पहिली ओसरल्यावर येते.

स्लो मोडबद्दल (एकाच माणसाच्या दोन मेसेजमध्ये सक्तीचं अंतर) एक हिशेब सांगतो, त्याने बरेच गैरसमज दूर होतील. जास्तीत जास्त वेग = बोलणारी माणसं भागिले स्लो मोडचे सेकंद. ६०० जण बोलतायत आणि स्लो मोड ३० वर असेल तर सेकंदाला २० मेसेज येऊ शकतात. माणूस नीट वाचून निर्णय घेऊ शकतो सेकंदाला एखादाच. ट्विचवर स्लो मोडची कमाल १२० सेकंद, म्हणजे तिथेही सेकंदाला ५. गर्दीच्या वेळी नुसता स्लो मोड पुरत नाही, बोलणाऱ्यांची संख्याच कमी करावी लागते.

---

शून्यलांबी

शब्दगाळणीबद्दल कोणीच बोललं नाही अजून. बहुतेक तयार गाळण्या रोमन लिपी डोळ्यांसमोर ठेवून लिहिलेल्या असतात आणि देवनागरीत त्या दोन्हीकडून फसतात. नको ते पकडतात, हवं ते सोडतात.

नको ते पकडण्याचा नमुना. धमकीचा शब्द म्हणून यादीत 'मर' टाकला. नुसती अक्षरजुळणी केली तर 'अमर', 'समर्थ', 'मराठी' सगळे गेले. मग कोणी म्हणतं, शब्दाची सीमा तपासा. पायथन या प्रोग्रामिंग भाषेच्या नेहमीच्या रेजेक्सला (मजकुरात नमुना शोधणारं साधन) सीमा तपासायला सांगितली तर 'अमर' सुटतो, पण 'मराठी' आणि 'मर्यादा' तरीही पकडले जातात! कारण त्याच्या लेखी काना, वेलांटी, हलन्त ही 'शब्दातली अक्षरं' नाहीतच. 'मर' नंतर काना आला की तो समजतो शब्द संपला. जावास्क्रिप्टची साधी सीमा तर देवनागरी अक्षरालाच शब्दातलं अक्षर मानत नाही.

उपाय: सीमेचं तयार चिन्ह वापरू नका. शब्दाच्या आधी आणि नंतर देवनागरी गटातलं, म्हणजे युनिकोडमधल्या (प्रत्येक अक्षराला संकेत-क्रमांक देणारी प्रणाली) ०९०० ते ०९७एफ मधलं चिन्ह नसावं अशी अट स्वतः लिहा.

हवं ते सुटण्याचे मार्ग जास्त आहेत. जुळवणीआधी मेसेजची वेगळी प्रत काढा आणि तिच्यावर हे करा:

– युनिकोडचं एनएफसी सामान्यीकरण, म्हणजे एकाच अक्षराची वेगवेगळी लेखनं एका रूपात आणणं. ऱ हा एकच संकेत म्हणूनही लिहिता येतो आणि र अधिक नुक्ता (अक्षराखालचं टिंब) असाही. एनएफसीने दोन्ही एक होतात.
– नंतर उरलेले नुक्ते काढा. क, ख, ग, ज, फ यांच्याखाली नुक्ता टाकून गाळणी चुकवणं फार सोपं आहे.
– ॲ हाताने जुळवा. हा एकसंध संकेत आणि 'अ अधिक अर्धचंद्र' हे दिसायला सारखे, पण युनिकोड त्यांना समान मानत नाही, त्यामुळे एनएफसीने काहीही होत नाही. अर्ध्या कीबोर्डवर एक, अर्ध्यांवर दुसरा.
– शून्य रुंदीची चिन्हं, २००सी आणि २००डी, काढून टाका.
– एकच अक्षर तीनपेक्षा जास्त वेळा आलं की एकदाच धरा. अक्षरांमधली टिंबं, तारे, रिकाम्या जागा काढून *दुसरी* प्रत बनवा आणि ती फक्त अतिगंभीर शब्दांसाठी वापरा. सगळ्यांसाठी वापरलीत तर शेजारच्या दोन शब्दांची शेवटं-सुरुवाती जुळून भलतेच शब्द तयार होतात.

हे सगळं *प्रतीवर* का? कारण शून्य रुंदीचं जोडचिन्ह मराठीत वैध आहे. 'दऱ्या', 'सुऱ्या' मधला अर्धा र काही कीबोर्ड त्याच्या मदतीनेच लिहितात. 'अदृश्य चिन्ह दिसलं की मेसेज अडवा' असा नियम लावणाऱ्या गाळण्या साध्यासरळ मराठी लिहिणाऱ्यांनाच शिक्षा करतात. जुळवणी प्रतीवर करा, लोकांना मूळ मजकूर दाखवा.

आणि मराठी शिव्या रोमन अक्षरांतही लिहिल्या जातात, त्याही पाच-पाच स्पेलिंगनी. त्यासाठी वेगळी यादी लागते.

---

चाळणी

शून्यलांबी, हा प्रतिसाद वाचनखुणेत साठवतोय. 'मर्यादा'चं उदाहरण प्रत्येक गाळणीच्या चाचणीत असायला हवं.

---

काठावरची

सर्वांत कठीण प्रकार राहिला. कोणी लाइव्हवर स्वतःला इजा करण्याच्या बेतात आहे असं दिसलं तर स्ट्रीम तोडायची का? बहुतेकांचं पहिलं उत्तर 'हो, ताबडतोब'. पण फेसबुकने मार्च २०१७ मध्ये लाइव्हसाठी मदतीची साधनं आणली तेव्हा तज्ज्ञांच्या सल्ल्याने उलट भूमिका घेतली: मदत पोचण्याची शक्यता आहे तोवर जोडणी हाच धागा असतो, तो तोडू नये. मदत शक्य नाही असं झालं की मात्र बंद.

दोन्हींच्या मधली एक स्थिती प्रत्येक प्लॅटफॉर्मकडे असायला हवी असं मला मनापासून वाटतं. स्ट्रीम चालू, पण शिफारशीतून आणि शोधातून बाहेर, नवे प्रेक्षक आत येऊ शकत नाहीत, चॅट फक्त प्रशिक्षित माणसाला, रेकॉर्डिंग सार्वजनिक होणार नाही, आणि त्याच वेळी आपत्कालीन सेवेला कळवलेलं. चॅट बंद करणं यात अत्यावश्यक आहे. गर्दीतला एक जण चिथावणी देतो आणि तेवढं पुरतं.

हे बघणाऱ्या मॉडरेटरबद्दलही. मे २०२० मध्ये फेसबुकने मॉडरेटरांच्या मानसिक आरोग्याच्या दाव्यात ५.२ कोटी डॉलरची तडजोड मान्य केली. लाइव्ह यात अधिक वाईट, कारण पुढे ढकलून शेवट बघता येत नाही, घडताना बघावं लागतं. उपाय साधे आहेत आणि पडद्यावरच करता येतात: चित्र सुरुवातीला लहान, कृष्णधवल, धूसर आणि आवाज बंद. आधी चॅट आणि आवाजाचा मजकूर वाचायला द्या, निर्णय त्यावरूनच होत असेल तर चित्र उघडायची वेळच येत नाही. गंभीर रांगेवर सलग बसवू नका, मधे साध्या स्पॅमची रांग द्या.

---

तिसरी घंटा

मुलांच्या बाबतीत दरवाजाच अरुंद करणं सुरू झालंय. टिकटॉकने नोव्हेंबर २०२२ मध्ये लाइव्ह करण्याचं वय १६ वरून १८ केलं, यूट्यूबने जुलै २०२५ मध्ये १३ वरून १६. वय तपासणं हा वेगळ्या धाग्याचा विषय आहे.

चुकून बंद झालेल्या स्ट्रीमचं काय? अपलोड परत आणता येतो. लाइव्ह गेलं ते गेलंच.

---

चाळणी

त्यासाठी 'खंड' आणि 'शिक्षा' वेगळे ठेवा. यंत्राच्या इशाऱ्यावर फक्त खंड: चित्राऐवजी पाटी, चॅट गोठलेलं, कमाल पाच मिनिटं. त्यात माणूस बघेल. माणसाने दोषी म्हटलं तरच खात्यावर नोंद. पाच मिनिटांत कोणी पाहिलं नाही तर काय करायचं हे आधी ठरलेलं असावं. जुन्या, स्वच्छ खात्यांची स्ट्रीम परत सुरू, नव्या खात्यांची बंदच.

खंडाच्या आधीची आणि नंतरची ६० सेकंदं जपून ठेवा, अपिलात तीच लागतात. युरोपात डिजिटल सेवा कायदा १७ फेब्रुवारी २०२४ पासून पूर्ण लागू आहे आणि कारवाईचं नेमकं कारण कळवणं बंधनकारक आहे. 'समुदाय नियमांचा भंग' एवढं मोघम कारण पुरत नाही. कोणता नियम, कोणत्या मिनिटाला, यंत्राने ठरवलं की माणसाने, एवढं लिहा.

---

घड्याळजी

खंडाला पूरक एक गोष्ट स्ट्रीमरच्या बाजूने. डिस्कार्ड डिले दाबल्यावर जोडणी तुटते म्हणून लोक ते बटण दाबायला कचरतात, प्रेक्षक जातील ही भीती. ट्विचवर डिस्कनेक्ट प्रोटेक्शन चालू ठेवा. ९० सेकंदांपर्यंत प्रेक्षकांना पाटी दिसते आणि तेवढ्यात परत जोडलं तर स्ट्रीम तीच राहते. दाबा, सीन बदला, मग पुन्हा स्टार्ट. क्रम उलटा करू नका. पुन्हा स्टार्ट केल्यावरही पहिले २० सेकंद बफर भरण्यात जातात, तेव्हा प्रत्यक्षात हातात उरतात ७० सेकंद.

---

शून्यलांबी

माझ्या वरच्या प्रतिसादात एक दुरुस्ती. ०९०० ते ०९७एफ हा पूर्ण गट सीमेच्या अटीत घेतला तर दंड आणि दुहेरी दंड, ०९६४ आणि ०९६५, हेही 'शब्दातली चिन्हं' ठरतात. मग शिवीला चिकटून दंड लिहिला की गाळणी तिला सोडून देते. हे दोन संकेत गटातून वगळा. देवनागरी आकडे, ०९६६ ते ०९६एफ, हेही वगळा, नाहीतर शेवटी १ लावूनही तीच पळवाट मिळते.